ठमीच्या ओठावरचे दोन टाके

विमल, तुझी प्राजक्ता उद्या सकाळी पुण्याहून येणार आहे. तुझ्या शोकसभेचा कार्यक्रम उरकून ती गेली तेव्हा जाताना म्हणाली, "मावशी, मी रविवारी येते, तोवर ठमीला तुमच्याकडं राहू द्या." तुझं घर आवरायचं, ते भाड्यानं द्यायचं का बघायचं आणि तुझ्या कुत्रीचं काय करायचं ते ठरवायचं, एवढी तिची कामं. पहिल्या दोन कामांशी माझा संबंध नाही. तिसऱ्या कामापायी मला दोन दिवस जेवण जात नाही. मला ठमी हवी आहे. पण ती मागायचा हक्क मला आहे का, हे एका न बोललेल्या गोष्टीवर अडलंय. ती गोष्ट आधी तुला सांगितल्याशिवाय मी तुझ्या पोरीसमोर तोंड उघडू शकत नाही. तुला ऐकू येणार नाही, ठाऊक आहे मला. तरी बस जरा.

तू कशानं गेलीस, किती वर्षं नोकरी केलीस, ते सगळं त्या दिवशी माईकवर सांगून झालं. मी मागच्या रांगेत होते. एक बाई म्हणाली, माझं पोर पहिल्यांदा माझ्या हातात सिस्टरनी दिलं. दुसरी म्हणाली, सिस्टर दर रविवारी न चुकता फोन करायच्या. चौसाळ्याहून तुझ्या माहेरची जीपभर माणसं आली होती, त्यातले एक म्हातारे गृहस्थ तर बोलताच येईना म्हणून खाली बसले. आणि विमल, खरं सांगते, मला रडू यायच्या आधी राग आला. एवढी माणसं कुठून आली तुझी? दर रविवारी कुणाला तरी फोन करत होतीस आणि मला कधी बोलली नाहीस? मला वाटायचं, माझ्याशिवाय तुला आहे कोण. चार वर्षं मी तसंच धरून चालले होते. शेवटी माईकवाल्यानं विचारलं, "शेजारच्या मॅडम काही बोलणार का?" मी नको म्हणून मान हलवली. शेजारच्या मॅडम म्हणे.

हेवा हा पुस्तकातला शब्द झाला. मी तुझ्यावर जळायचे. आणि हे काही नंतर नंतर सुरू झालं असं नाही, तू पहिल्यांदा माझ्या फाटकातून आत आलीस तेव्हापासूनचं आहे.

मी धनगराची पोर. धर्मापुरीच्या शिवारात माझ्या बापाची दोनशे मेंढरं आणि चार कुत्री होती, हे मी तुला इतक्यांदा ऐकवलंय की मी सुरू झाले की तू बोटं मोजायचीस. कुत्र्याच्या उबेला झोपून मी मोठी झाले. पुढं शिकले, जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तरीण झाले, अंबाजोगाईत प्लॉट घेऊन घर बांधलं, आणि दारात बसायला सिमेंटचा ओटाही केला. सगळं बदललं तरी कुत्र्याच्या बाबतीत मला कुणी शिकवावं हे मला खपत नव्हतं. भावानं कळपातलं पिल्लू दिलं तेव्हा मी त्याचं नाव दौलत ठेवलं. आमच्याकडं म्होरक्या कुत्र्याचं नाव दौलतच असतं. एक मेला की दुसऱ्याला तेच.

बापाची रीत अशी की दिवसा कुत्री बांधायची आणि दिवेलागणीला सोडायची. दिवसभर हुंदडलेलं कुत्रं राखणीच्या वेळी पेंगतं, असं तो म्हणायचा. मी ती रीत जशीच्या तशी उचलून कॉलनीत आणली. सकाळी दौलतला पेरूच्या झाडाला बांधायचे, मी शाळेला, आमचे हे शेताला, आणि संध्याकाळी पाचला येऊन सोडायचे. मधल्या वेळात तो भुंकायचा. थोडाथोडका नाही, अख्खी गल्ली वैतागेल इतका. कॉलनीच्या ग्रुपवर तक्रारी यायला लागल्या. मी लिहिलं, कुत्रं भुंकणार नाही तर काय पाढे म्हणणार? आणि मनातून मला बरं वाटायचं बरं का. शाळेत बायकांना सांगायचे, "माझ्या मागं लई रडतंय ते, एक घटका करमत न्हाई त्याला." लेक लग्न होऊन नाशिकला गेलेली, तिचा फोन आठवड्याला एक. आमचे हे मोजून दहा वाक्यं बोलतात, त्यातली चार पाण्याच्या मोटारीबद्दल. माझ्यासाठी दिवसभर ओरडणारं कुणीतरी घरात आहे, या गोष्टीवर मी जगत होते म्हटलं तरी चालेल.

त्याच वर्षी तू रिटायर झालीस आणि दिवसभर घरी राहायला लागलीस. त्या भुंकण्याचा सगळ्यात जास्त ताप तुलाच झाला असणार, भिंतीला भिंत लागून. पण तू ग्रुपवर एक अक्षर लिहिलं नाहीस. एका रविवारी हातात वही घेऊन आलीस. वॉर्डात पेशंटच्या पलंगाला अडकवतात तसा तक्ता आखला होतास, आठ दिवसांचा, लाल आणि निळ्या पेनानं. माझ्या कुत्र्याचा तक्ता. मला न विचारता.

"मॅडम, हे बगा," तू म्हणालीस. तेव्हा आपण अहो-जाहो करत होतो. "तुमी सव्वाआठला जाता. पावणेनऊपर्यंत ह्ये गप असतंय. उकरतंय, हुंगतंय, पाणी पितंय. मग सुरू होतंय ते एका सुरात. दुपारी तासभर झोपतंय, की परत चालू."

"मग?" मी म्हणाले.

"मग म्हंजे ते तुमच्यासाठी न्हाई वरडत. तसं असतं तर तुमी गेल्या गेल्या वरडलं असतं. त्याला कटाळा आलाय."

मी तुला चहा विचारला नाही, आठवतं? दारात आलेल्या माणसाला चहा न विचारता पाठवलं असं माझ्या आयुष्यात एकदाच झालं. तू त्या दिवशी माझ्याकडून काय काढून घेतलंस ते तुला कळलं पण नाही. जन्मात कुत्रं पाळलं नव्हतंस. मेडिकल कॉलेजच्या कॅन्टीनमागं पावसात भिजलेलं एक पिल्लू सापडलं म्हणून घरी आणलंस, त्याला ठमी नाव दिलंस, मोबाईलवर चार व्हिडिओ बघितलेस, आणि मला शिकवायला आलीस. मी तुला बापाची रीत ऐकवली. तू शांतपणे ऐकून घेतलीस, आणि मग वॉर्डातल्यासारखे प्रश्न विचारलेस.

"कुत्री किती होती तुमच्या वडिलांची?"

"चार."

"मेंढरं?"

"दोनशे."

"आन हितं काय हाय?"

मी पेरूच्या झाडाकडं बघितलं. तू पण बघितलंस. हसली नाहीस, हे तुझं चांगलं. हसली असतीस तर मी कायमची भांडले असते आणि पुढचं काही झालंच नसतं.

आमचे हे आतून ऐकत होते. मोजून दहा वाक्यांतलं एक त्यांनी तिथं खर्च केलं. "विमलताई म्हणत्यात ते बरोबर हाय," म्हणाले. लग्नाला तीस वर्षं झाली, मी म्हणते ते बरोबर आहे असं ते एकदाही म्हणाले नाहीत.

तुझा उपाय साधा होता. दौलतला सोबत नाही, ठमीलाही नाही, दोघांची गाठ घालायची. रोज सकाळी मी शाळेला जायच्या आधी, मागच्या मोकळ्या प्लॉटवर. तुझ्या घरात नाही आणि माझ्याही नाही, म्हणजे मालकी गाजवायला कुणाला जागा नको. पहिले दोन दिवस वीस पावलांचं अंतर ठेवून नुसतं एका दिशेला चालवायचं, तोंडासमोर तोंड आणायचं नाही. दोर सैल. खायला काही न्यायचं नाही, त्यावरून जुंपते. आणि रंगात आली की तिथंच थांबवायचं, म्हणजे दुसऱ्या दिवशी ओढ राहते. हे सगळं तू वहीत लिहून आणलं होतंस. मी वरून म्हणाले, "आमाला काय सांगता, आमी कुत्र्यात वाढलाव." खरं तर यातलं निम्मं मला डोळ्यांनी माहीत होतं आणि शब्दात कधी मांडता आलं नव्हतं. तू दोन महिन्यांत मांडलंस.

दोन दिवस चालवलं. दौलत ठमीकडं बघून शेपूट हलवायला लागला, पुढचे पाय टेकून ढुंगण वर करायला लागला. माझ्यासमोर त्यानं असं कधी केलं नव्हतं. तू म्हणालीस, "बगा, खेळायला बोलावतोय. उद्या दोर काढू."

आता जे लिहिते ते मी आमच्या ह्यांनाही सांगितलेलं नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी मी भिंतीवरचा पट्टा काढला. बापाच्या कळपातला. जाड कातडं आणि त्यात बसवलेले लोखंडी खिळे, टोकं बाहेरच्या बाजूला. लांडगा कुत्र्याच्या नरड्याला येतो, म्हणून राखणीच्या कुत्र्याच्या गळ्यात घालतात. नरडं धरायला गेला की लांडग्याचाच जबडा फाटतो. अंबाजोगाईत लांडगा नाही. तो पट्टा माझ्याकडं बापाची आठवण म्हणून खुंटीला होता. मी तो दौलतच्या गळ्यात घातला. आमचे हे म्हणाले, "आज ह्यो कावून?" मी म्हणाले, "शोभतोय."

प्लॉटवर तू पण विचारलंस. "हे काय हो, खिळे?"

मी म्हणाले, "आमच्यात रिवाज हाय. पैल्यांदा मोकळं सोडताना घालतेत."

असा काही रिवाज नाही, विमल. मी तिथं उभ्या उभ्या तो तयार केला. तू रिवाज म्हटल्यावर पुढं एक शब्द विचारला नाहीस. दुसऱ्याच्या रीतीभातीला नाव ठेवायचं नाही हा तुझा स्वभाव, तो मला तोवर कळला होता, आणि मी त्याचाच फायदा घेतला.

कुत्री खेळताना एकमेकांची मान धरतात. हे दोन वर्षांच्या धनगराच्या पोराला पण ठाऊक असतं. मला ठाऊक होतं. ठमीला लागावं असं माझ्या मनात नव्हतं, तेवढं माझ्याबद्दल मानशील तर मान. पण तिनं एकदा तोंड लावून बघावं, टोचावं, आणि परत त्याच्या अंगाला येऊ नये, असं माझ्या मनात होतं. मग तू वही मिटून घरी जाशील, आणि दौलत माझ्या मागं रडत राहील.

तू दोर काढलास. दोघं सुटली. दोन गोल फेऱ्या मारल्या, आणि ठमीनं आनंदानं उडी घेऊन त्याची मान धरली. ती ओरडली तो आवाज अजून माझ्या कानात आहे. ओठ फाटला होता, रक्त खाली ठिबकत होतं. दौलत बिचारा तिथंच खाली बसला. त्याला कळेना आपण काय केलं.

तू ओरडली नाहीस. पदराचा बोळा तिच्या तोंडाला लावलास आणि मला म्हणालीस, "पट्टा काढा त्याचा." मग मला स्कूटरवर मागं बसवलंस, ठमीला माझ्या मांडीवर दिलंस, आणि आपण जनावरांच्या दवाखान्यात गेलो. दोन टाके पडले. मी तिचे पाय धरून उभी होते आणि ती मलाच चाटत होती. येताना मी मागं रडायला लागले तेव्हा तू स्कूटर बाजूला घेतलीस, मागं वळलीस आणि म्हणालीस, "रडू नको ग रुक्मिणी. तुजी काय चूक? तुमचा रिवाज. तुला काय ठाव ती मानंला धरंल म्हणून."

त्या दिवशी तू मला पहिल्यांदा तू म्हणालीस. मला सांगता आलं असतं. रस्ता मोकळा होता, स्कूटर बंद होती, तू माझ्याकडं बघत होतीस. मी म्हणाले, "चुकलं माझं," आणि तू म्हणालीस, "असू दे."

आठ दिवसांनी टाके काढले आणि नवव्या दिवशी तू ठमीला घेऊन परत माझ्या फाटकात. दौलतच्या गळ्यात काही नव्हतं. मग चार वर्षं आपण एक सकाळ चुकवली नाही, दौलतच्या आजारपणाची मी मारलेली एक थाप सोडली तर.

तुझा उपाय लागू पडला, हे मी तुझ्यासमोर कधी कबूल केलं नाही. महिन्याभरात तुझ्या वहीतल्या भुंकण्याच्या लाल रेघा संपल्या. दौलत खेळून यायचा, घटाघटा पाणी प्यायचा आणि पेरूखाली असा पसरायचा की मी चपला घालून, पर्स घेऊन, कुलूप लावून निघाले तरी डोळा उघडायचा नाही. दुपारी तू तुझ्या अंगणात नेऊन दोघांना परत अर्धा तास खेळवायचीस. दिवसाचं भुंकणं दोनावर आलं, एक पोस्टमन आणि एक सिलेंडरची गाडी. ग्रुपवर तुझ्यासाठी फुलं आली, हात जोडलेले, अंगठे. माझ्या कुत्र्याबद्दल तुझं अभिनंदन. मी ते वाचून मोबाईल उशीखाली ठेवला.

आणि सकाळी मी कोपऱ्यावर थांबायचे, विमल. हे तुला माहीत नाही. एसटीला पाच मिनिटं असायची तेवढी मी वळणावर उभी राहायचे, भुंकतोय का ऐकायला. एकदा तरी भुंक रे बाबा, असं व्हायचं मला. गल्ली एकदम शांत. तू मला शांतता दिलीस आणि मला ती सोसवत नव्हती.

थाप मारली ती त्याच काळात. म्हणाले, दौलतला बरं नाही, आठवडाभर नको आणायला. तू बरं म्हणालीस. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी भिंतीवरून हाक मारलीस.

"रुक्मिणी, आजारी कुत्रं असं वरडत न्हाई ग."

"मग कसं वरडतंय?"

"आजारी असलं की कण्हतंय. ह्ये मला शिव्या देतंय."

मी हसले, काय करणार. दुसऱ्या दिवशी घेऊन आले. तुला कळलं होतं मी खोटं बोलले आणि का बोलले ते पण कळलं होतं, असं मला वाटतं. तू विचारलं नाहीस. तुझं हे न विचारणं मला लई लागायचं. भांडली असतीस तर मला तुझ्याबद्दल चार वाईट गोष्टी जमवता आल्या असत्या.

आता त्या सकाळींबद्दल लिहिते, नाहीतर उगाच माझंच वाईट लिहून होईल. सहा ते पावणेसात. तू एक स्टूल आणायचीस, मी पोत्याची घडी. स्टीलच्या डब्यातून चहा, तो पण तूच आणायचीस, कारण माझा तुला पाणचट लागायचा. कुत्री समोर धूळ उडवायची आणि आपण बोलायचो. माझी लेक फारशी बोलत नाही ते तुला सांगितलं. तुझा नवरा गेल्यावर तू वर्षभर त्याचा डबा भरत होतीस, ते तू मला सांगितलंस. शाळेतल्या मैत्रिणी शाळेत सुटल्या, नंतर मला मैत्रीण अशी नव्हतीच. पन्नाशीत कुणाला मिळते? दौलतचं निमित्त करून मला तू मिळालीस. आणि तरी मी त्या पाऊण तासात अर्धं लक्ष यावर ठेवून असायचे की दौलत दमला की आधी कुणाकडं येतो. तुझ्याकडं यायचा. दर वेळी. तुझ्या पायावर हनुवटी टाकायचा आणि तू म्हणायचीस, "जा, तुझ्या आईकडं जा." त्यानं जावं म्हणून त्याला ढकलायचीस. तसं ढकलून आलेलं कुत्रं मला नको होतं.

आपलं एक भांडण मात्र अर्धं राहिलं. तुला मधल्या भिंतीला खालून एक भोक पाडायचं होतं, कुत्र्यापुरतं. म्हणजे आपण नसलो तरी ती एकमेकांकडं जातील. मी तीनदा नाही म्हणाले. पहिल्यांदा म्हणाले साप येतील. दुसऱ्यांदा म्हणाले भिंत हलेल. तिसऱ्यांदा, तू जायच्या चार दिवस आधी, म्हणाले, "मग तुमी तिघं तिकडं राहा, मी हितं भिंतीसंगं बोलत बसते." तू चहाचं झाकण लावलंस आणि म्हणालीस, "तू पण ये की." एवढंच. भोक पाडायचं का नाही, हे आजही ठरलेलं नाही.

ठमी हे अकरा दिवस खाते थोडं, बसते भिंतीकडं तोंड करून. दौलत तिच्या शेजारी बसतो, माझ्या नाही. मी सकाळी दोघांना प्लॉटवर नेते. दौलत पाय टेकून बोलावतो, ती बघते आणि बसून राहते. पुण्यात प्राजक्ता आणि जावई दोघं नोकरीला, चौथ्या मजल्यावरचं घर. ठमी तिथं दिवसभर कोंडून राहील, दौलतसारखीच एका सुरात भुंकेल, आणि तिचा तक्ता मांडायला कुणी नसेल. हे कारण मी प्राजक्ताला सांगणार आहे. ते खरंही आहे. पण आतलं कारण वेगळं आहे. माईकवर बोलणाऱ्या त्या सगळ्यांकडं तुझं काही ना काही आहे, आणि माझ्याकडं फक्त ही एक कुत्री असावी असं मला वाटतंय. तिच्या ओठावर मी केलेला वण आहे तरी.

काल इथवर लिहून वही मिटली. आता रविवारची संध्याकाळ आहे.

प्राजक्ता आली. घर आवरलं, मी भांडी बांधायला मदत केली. दुपारी आम्ही माझ्या ओट्यावर बसलो. तिनं ठमीचं तोंड हातात घेतलं, अंगठा ओठावर फिरवला. मी ठमीला मागायचं म्हणून तोंड उघडलं आणि भलतंच बाहेर आलं. "तो वण माझ्यामुळं हाय," म्हणाले.

"माहीत आहे, मावशी," ती म्हणाली. "पट्ट्याचं ना. आई सांगायची."

"काय सांगायची?"

"की तुमच्याकडची रीत होती, तुम्हाला कल्पना नव्हती, आणि तुम्ही स्कूटरवर खूप रडलात. मला दम दिला होता तिनं. म्हणाली, रुक्मिणीला ते अजून खातंय, तिच्यासमोर ठमीच्या ओठाचं नाव काढायचं नाही."

मला तिथंच गप्प बसता आलं असतं. तू सगळी तजवीज करून ठेवली होतीस. पण मला ते सोसवेना. मी सांगितलं. असा रिवाज नव्हता हे सांगितलं, कुत्री मान धरतात हे मला ठाऊक होतं ते सांगितलं, दोर निघणार त्याच दिवशी पट्टा मुद्दाम घातला हे पण सांगितलं. ती ऐकत होती. तुझ्यासारखीच, मध्ये बोलत नाही. माझं झाल्यावर पण ती ठमीच्या कानामागं खाजवत राहिली.

मग म्हणाली, "आईला तुम्ही हे कधीच नाही सांगितलंत?"

"न्हाई."

"चार वर्षं रोज भेटत होता तरी?"

ती उठली, गाडीची किल्ली घेतली. ठमी पण उठली आणि तिच्या मागं निघाली. मला वाटलं, गेली. आणि वाटलं, बरोबर आहे. फाटकाशी प्राजक्ता थांबली, खाली वाकून ठमीला मागं वळवलं आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, "हिला ठेवून घ्या. मला आता तुमचा भरवसा वाटत नाही, मावशी. पण आईला वाटायचा. आणि ठमी आईची आहे."

गाडी गेली. मी ओट्यावरच बसून होते. ठमी मिळाली, विमल. मागितल्याशिवाय मिळाली, आणि ती पण तुझ्या शब्दावर, माझ्या नाही. इथंही तू वरचढच.

सगळ्यात जास्त कुणावर जळते आता, सांगू? त्या माईकवाल्या माणसांवर नाही, दौलतवर नाही, तुझ्यावर पण नाही. तुझ्या मनात जी रुक्मिणी होती ना, जिला काही ठाऊक नव्हतं, जी स्कूटरवर मागं बसून खरं रडली, तिच्यावर. तिला तू 'तू' म्हणालीस. तिच्यासाठी चहा आणलास, तिला नवऱ्याच्या डब्याचं सांगितलंस, तिच्यासाठी स्वतःच्या पोरीला दम दिलास. चार वर्षं रोज सकाळी तू तिला भेटायला येत होतीस. मी तिच्या जागेवर बसून तुझा चहा प्यायले.